बदलीच्या वादाला उच्च न्यायालयाआधीची एक पायरी द्या

प्रति,
मा. सचिव, ग्रामविकास विभाग, आणि
मा. सचिव, शालेय शिक्षण विभाग,
महाराष्ट्र शासन, मंत्रालय, मुंबई.

विषय : शिक्षकांच्या बदल्यांविषयीच्या तक्रारींची सुनावणी जिल्ह्यातच, कार्यमुक्तीपूर्वी व्हावी आणि तिचा निर्णय कारणांसह लेखी मिळावा, याबाबत.

महोदय,

सोलापूर जिल्ह्यातील प्राथमिक शाळांत शिक्षक, पुढे मुख्याध्यापक आणि अखेरीस केंद्रप्रमुख म्हणून माझी सेवा झाली. निवृत्त झालो तरी बदल्यांचे वेळापत्रक जाहीर झाले की परिचयातले शिक्षक कागदांची पिशवी घेऊन येतात. सेवापुस्तकाच्या छायाप्रती, पोर्टलवरील अर्जाची प्रिंट, जुने आदेश, कोणाचा वैद्यकीय दाखला तर कोणाचा अंतराचा दाखला असे सगळे त्यात असते आणि प्रश्न बहुधा एकच असतो : ‘गुरुजी, आता कोर्टातच जावे लागेल का?’ हा प्रश्न इतक्या लवकर विचारावा लागतो, यातच व्यवस्थेचा दोष आहे असे मला वाटते. त्यामुळे हे पत्र कोणा एका शिक्षकाच्या बदलीसाठी नाही. बदल्या रद्द करा, धोरण मोडीत काढा किंवा संगणकीय पद्धत बंद करा अशीही माझी मागणी नाही. बदलीविरुद्धच्या तक्रारीला कार्यमुक्तीच्या, म्हणजे जुन्या शाळेतून मोकळे करण्याच्या, आदेशाआधी, निर्णयाचा अधिकार असलेल्या व्यक्तीसमोर सुनावणी मिळावी आणि निर्णयात कारणे लिहिलेली असावीत, एवढेच माझे मागणे आहे. ते मागणे का करावे लागते, हे थोडे विस्ताराने मांडतो.

बदली हा नोकरीचाच भाग आहे, हे कोणी नाकारत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये गुजरात विद्युत मंडळाच्या प्रकरणात स्पष्ट केले की बदलीच्या आदेशाला स्थगिती मिळालेली नसेल, तो बदललेला किंवा रद्द झालेला नसेल, तर कर्मचाऱ्याने तो पाळलाच पाहिजे. निवेदन दिले आहे एवढ्यावर जुन्या जागी थांबता येत नाही. दोनच वर्षांनी, १९९१ मध्ये, बिहारमधील प्राथमिक शिक्षिकांच्या बदल्यांचे प्रकरण त्याच न्यायालयासमोर आले. काही शिक्षिकांनी पतीच्या नोकरीच्या ठिकाणी बदली मागितली होती, ती मिळाली आणि त्यामुळे ज्यांना जागा सोडावी लागली त्यांनी आव्हान दिले. पाटणा उच्च न्यायालयाने बदल्या रद्द केल्या. सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. बंधनकारक वैधानिक नियमाचा भंग झाला असेल किंवा दुष्ट हेतूने बदली झाली असेल तरच न्यायालयाने हात घालावा, एरवी नाही, असे तत्त्व त्या निकालाने घालून दिले. आपल्या राज्यातला जवळजवळ प्रत्येक बदलीचा खटला आजही या तत्त्वापाशी येऊन थांबतो.

मात्र त्याच निकालात आणखी एक गोष्ट सांगितलेली आहे आणि तिच्याकडे पुरेसे लक्ष गेलेले नाही. कार्यकारी सूचनांच्या विरुद्ध बदली झाली असली तरीही न्यायालयाने सामान्यतः हस्तक्षेप करू नये, बाधित व्यक्तीने विभागातील वरिष्ठांकडे दाद मागावी, असे न्यायालय म्हणते. म्हणजे न्यायालयाने स्वतःचे दार अरुंद केले ते विभागाचे दार उघडे असेल या विश्वासावर. माझे सगळे म्हणणे या विश्वासावर उभे आहे. वरिष्ठांकडे जाण्याची वाट प्रत्यक्षात नीट बांधलेली नसेल, तर न्यायालयाचा संयम शिक्षकाच्या बाबतीत निव्वळ नकार ठरतो आणि ज्या प्रश्नाचा निवाडा एखाद्या जाणत्या अधिकाऱ्याने अर्ध्या दिवसात केला असता, तो प्रश्न कोणीच न पाहता मागे पडतो.

आपल्याकडच्या बदल्या शासन निर्णयांवर चालतात. जिल्हा परिषद शिक्षकांसाठी २७ फेब्रुवारी २०१७ चा शासन निर्णय आला, त्यानंतर ७ एप्रिल २०२१ चा, त्यानंतर १८ जून २०२४ चा. प्रत्येक वेळी धोरणात सुधारणा झाल्या आणि त्यांतील अनेक चांगल्या आहेत, हे मी मनापासून मान्य करतो. समुपदेशनाच्या, म्हणजे शिक्षकांना समोर बोलावून गाव निवडायला लावण्याच्या, काळात जिल्हा परिषदेच्या सभागृहाबाहेर दिवसभर ताटकळणारे शिक्षक, आत कोणती गावे दाखवली आणि कोणती झाकून ठेवली याची कुजबुज, आणि त्याआधीच्या काळातील शिफारशींच्या चिठ्ठ्या मी पाहिल्या आहेत. त्या काळाकडे कोणीही परत जाऊ नये. परंतु शासन निर्णय म्हणजे कायदा किंवा वैधानिक नियम नव्हे, आणि मार्गदर्शक सूचनांतून न्यायालयात बजावून घेता येईल असा हक्क निर्माण होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९३ मध्ये केंद्र शासनाच्या एका कर्मचाऱ्याच्या प्रकरणात सांगून ठेवले आहे. त्यातही पती-पत्नींना एका ठिकाणी ठेवण्याचाच मुद्दा होता. परिणामी शिक्षकाची अवस्था अशी होते की ज्या शासन निर्णयाच्या आधारे त्याने अर्ज भरला, पसंतीक्रम दिला, दाखले जोडले, त्याच शासन निर्णयाचा भंग झाला तर तो न्यायालयात पुरेसा ठरेलच याची खात्री नसते.

येथे एक गैरसमज कार्यालयांत रुजलेला मी पाहिला आहे. याचिका फेटाळली गेली की ‘आमचा आदेश बरोबर ठरला’ असे म्हणून नस्ती बंद केली जाते. खरे पाहता हस्तक्षेप न करणे आणि आदेश बरोबर ठरवणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. न्यायालय जेव्हा म्हणते की हा प्रशासनाचा प्रांत आहे, तेव्हा ते प्रशासनावर अधिक मोठी जबाबदारी टाकत असते, कारण त्या प्रांतात झालेली चूक दुरुस्त करणारा प्रशासनाखेरीज दुसरा कोणी उरत नाही.

वाटा किती कमी आहेत ते पाहावे. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण आहे; जिल्हा परिषदेचा शिक्षक त्याच्या कक्षेत येत नाही. अनुदानित खासगी शाळेतील शिक्षकाला १९७७ च्या खासगी शाळा कर्मचारी अधिनियमाखालील शाळा न्यायाधिकरण आहे, आणि ते सोलापुरातही आहे. पण त्या अधिनियमाच्या कलम ९ खाली अपील करता येते ते बडतर्फी, सेवेतून काढून टाकणे, सेवासमाप्ती, पदावनती किंवा पदोन्नतीत डावलले जाणे यांच्याविरुद्ध. नुसत्या बदलीचा त्या कलमात उल्लेख नाही. उरतो तो संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालील रिट अर्ज, म्हणजे थेट उच्च न्यायालय. पंचायत समितीच्या पातळीवर उपस्थित झालेला, एखाद्या दाखल्याच्या तारखेवरून किंवा सेवाज्येष्ठतेच्या एका नोंदीवरून निर्माण झालेला वाद मधली एकही पायरी न चढता राज्यातल्या सर्वोच्च न्यायपीठासमोर जातो. ही रचना शिक्षकाला परवडणारी नाही आणि न्यायालयालाही नाही.

सोलापूरच्या शिक्षकाला पूर्वी यासाठी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले आणि कोल्हापूर, सांगली, सातारा, रत्नागिरी, सिंधुदुर्ग यांच्याबरोबर आपला जिल्हाही त्याच्या कक्षेत आला. अनेक दशकांच्या मागणीला यश आले याचा मला इतर सोलापूरकरांइतकाच आनंद आहे. तथापि न्यायालय जवळ आले म्हणून वाद कमी होतील असे मानता येणार नाही. मुंबईचा खर्च आणि मुक्काम झेपत नाही म्हणून जे शिक्षक आजवर गप्प बसत होते, तेही आता याचिकेचा विचार करतील आणि तो त्यांचा हक्कच आहे. त्यामुळे जिल्ह्यात सुनावणीची सोय करण्याची निकड आता अधिक आहे.

तक्रारी कोणत्या स्वरूपाच्या असतात, हे मंत्रालयातून कितपत दिसते याची मला कल्पना नाही. म्हणून एक उदाहरण थोडे जवळून सांगतो. पती-पत्नी एकत्रीकरणाच्या संवर्गात, म्हणजे विशेष संवर्ग भाग २ मध्ये, दोघांच्या शाळांतील अंतर ३० किलोमीटरपेक्षा अधिक असले पाहिजे आणि त्यासाठी बांधकाम खात्याचा अंतराचा दाखला लागतो. कागदावर हे अगदी सरळ आहे. आता आपल्या जिल्ह्यात भीमा नदी उजनीपासून खाली पंढरपूर, मंगळवेढा, मोहोळ, दक्षिण सोलापूर अशी वळणे घेत वाहते, हे लक्षात घ्यावे. पती एका काठावरच्या शाळेत, पत्नी दुसऱ्या काठावरच्या शाळेत. उन्हाळ्यात कोल्हापुरी पद्धतीच्या बंधाऱ्यावरून दुचाकी जाते आणि त्या वाटेने अंतर ३० किलोमीटरच्या आत भरते. उजनीतून पाणी सोडले की बंधारा पाण्याखाली जातो, मग पुलाचा वळसा घेऊन जावे लागते आणि तेच अंतर ३० च्या बरेच पुढे जाते. दाखला कोणत्या वाटेचा धरायचा? जवळचा रस्ता म्हणजे वर्षातील काही महिने बंद राहणारा रस्ताही का? ज्या शिक्षिकेचा अर्ज यावरून बाद होतो तिला पोर्टलवर दिसते ते एवढेच की अर्ज अमान्य झाला आहे. तिच्या जागेवर डोळा ठेवून बसलेल्या दुसऱ्या शिक्षकाचेही म्हणणे तितकेच खरे असते : नियमात वळसा लिहिलेला नाही, मग तिला सवलत का? या दोघांना समोरासमोर बसवून, नकाशा टेबलावर पसरून, गरज पडल्यास बांधकाम खात्याच्या अभियंत्याला बोलावून दुपारपर्यंत निर्णय देता येईल. उच्च न्यायालयात मात्र हा प्रश्न ‘तथ्याचा वाद’ ठरतो आणि रिट अर्जात तथ्यांच्या वादात शिरणे न्यायालय टाळते. म्हणजे खरा प्रश्न कोणीच ऐकत नाही.

दाखल्यांचा दुसरा मोठा प्रकार म्हणजे विशेष संवर्ग भाग १ : दिव्यांग, गंभीर आजार, विधवा, परित्यक्ता, ५३ वर्षे पूर्ण केलेले शिक्षक. या सवलतीमागे माणुसकी आहे आणि ती टिकलीच पाहिजे. तिचा गैरवापर करणारेही असतात, हे शिक्षकांइतके स्पष्टपणे दुसरे कोणी सांगणार नाही, कारण त्याची झळ शिक्षकांनाच बसते. बनावट दाखल्यावर मिळालेल्या बदलीमुळे खऱ्या दिव्यांग शिक्षकावरही संशयाची नजर पडते, हा तर मोठाच अन्याय आहे. पडताळणी व्हायलाच हवी, पण ती केव्हा व्हावी, हा माझा मुद्दा आहे. बदल्यांची साखळी सुटी नसते. संवर्ग १ मधील एकाने जागा मागितली की तिथल्या बदलीपात्र शिक्षकाला, आमच्या भाषेत, खो बसतो. तो पुढच्या फेरीत तिसऱ्याच्या जागी जातो, तिसरा चौथ्याच्या. शेवटी जो विस्थापित होतो त्याला जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला उरलेली जागा मिळते; करमाळ्याच्या उजनीकाठच्या वस्तीवरून अक्कलकोटच्या सीमेवर गेलेला माणूस आपल्याला पहिला खो कोणी दिला हे ओळखतही नसतो. २०१८ च्या ऑनलाइन बदल्यांत रँडम राउंडला, म्हणजे संगणकाने उरलेली जागा परस्पर देण्याच्या फेरीला, सामोरे गेलेल्यांच्या हे चांगले स्मरणात आहे. अशा स्थितीत बदल्या पूर्ण झाल्यावर पडताळणी केली आणि पहिला दाखला खोटा निघाला, तर त्या एकावर कारवाई होईल; साखळीतल्या बाकीच्यांचे काय? त्यांना परत आणायचे तर नवे पाच आदेश आणि नवे पाच वाद. म्हणून पडताळणी पहिल्या फेरीच्या आधी पूर्ण झाली पाहिजे, तिची यादी जिल्ह्यातल्या सर्व शिक्षकांना पाहता आली पाहिजे, आणि तिच्यावरील हरकती ऐकूनच पहिली फेरी सुरू झाली पाहिजे. आजाराचा तपशील जाहीर करण्याची त्यासाठी गरज नाही. संवर्ग मान्य झाला की नाही आणि कोणत्या निकषाखाली, एवढे पुरे.

खासगी अनुदानित शाळांविषयी थोडक्यात लिहितो, कारण तेथील प्रश्नाचे स्वरूप वेगळे आहे. एकाच संस्थेच्या अनेक शाळा असल्या की संस्था शिक्षकाला एका शाळेतून दुसऱ्या शाळेत पाठवू शकते. बहुतेक संस्था हा अधिकार गरजेपुरताच वापरतात. परंतु ज्याने वेतनाबद्दल किंवा कारभाराबद्दल प्रश्न विचारला त्याला दूरच्या शाखेत धाडण्याचे प्रकार घडतात, आणि तेव्हा आदेशात ‘प्रशासकीय सोयीसाठी’ याखेरीज काहीही लिहिलेले नसते. शिक्षेऐवजी केलेली बदली कायद्यात टिकत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे. ते सिद्ध करायला मात्र आदेशामागची कारणे कुठेतरी नोंदलेली असावी लागतात. विनाअनुदानितवरून अनुदानित पदावर होणाऱ्या बदल्यांचा गुंता तर वेगळाच. २०२० मध्ये नियमावलीत ४१-अ हा नियम आला, १ डिसेंबर २०२२ रोजी अशा बदल्या थांबवण्याचे शासनाचे पत्र निघाले, आणि मधल्या काळात प्रस्ताव दिलेले शिक्षक न्यायालयाच्या वाऱ्या करू लागले. वर्षानुवर्षे बिनपगारी किंवा तुटपुंज्या पगारावर शिकवलेल्या माणसाच्या दृष्टीने ही बदली म्हणजे आयुष्यात प्रथमच मिळणारे पूर्ण वेतन असते. मान्यता नाकारायची असेल तर नाकारावी, पण शिक्षणाधिकारी कार्यालयाच्या उत्तरात नेमका कोणता निकष पूर्ण झाला नाही ते लिहिलेले असावे. ‘प्रस्ताव नियमात बसत नाही’ या एका ओळीवर माणसाने पुढे काय करावे?

आता ज्याच्यासाठी हे सगळे चालते त्या मुलाबद्दल. बदलीच्या खटल्यात शिक्षक पक्षकार असतो, जिल्हा परिषद असते, शासन असते, कधी समोरचा शिक्षकही असतो. वर्ग कोणाच्याच कागदात नसतो. अक्कलकोट आणि दक्षिण सोलापूर तालुक्यांत कर्नाटकाच्या सीमेलगत अशी गावे आहेत, जिथे शाळा मराठी माध्यमाची असली तरी घरातली बोली कन्नड आहे. पहिलीत आलेले मूल पाणी मागते ते कन्नडमध्ये. नवीन आलेल्या गुरुजींना ते कळत नाही, मग चौथीतली एखादी मुलगी उठून दुभाष्याचे काम करते. अशा शाळेत काही वर्षे राहून मुलांची भाषा शिकलेला, आधी त्यांच्या भाषेत गोष्ट सांगून मग ती हळूहळू मराठीत आणणारा शिक्षक मी पाहिला आहे. त्याचा वर्ग पाहायला मी केंद्रातल्या इतर शिक्षकांना मुद्दाम पाठवत असे. बदलीच्या तक्त्यात त्याची ओळख म्हणजे सेवेची वर्षे आणि शाळेचा यूडायस, म्हणजे शासकीय नोंदीतला, क्रमांक. तो दहा वर्षे सर्वसाधारण (अवघड म्हणून न ठरवलेल्या) क्षेत्रात आणि पाच वर्षे त्याच शाळेत राहिला, म्हणून बदलीपात्र झाला, हे नियमाला धरूनच आहे. त्याची बदली करू नये असेही मी म्हणणार नाही. तोही कधीतरी आपल्या घराजवळ जाण्याचा हक्कदार आहे. पण त्याच्या जागी येणाऱ्याला दोन आठवडे त्याच्यासोबत वर्गात बसता आले, कोणते मूल वाचनात कुठे अडते, कोणाचे आई-बाप ऊसतोडीला जातात आणि ते मूल दिवाळीनंतर कुठे असेल, याची लेखी नोंद मिळाली, तर बदलीचा भार मुलांवर निम्म्यानेही पडणार नाही. आज कार्यमुक्तीचा आदेश संध्याकाळी व्हॉट्सॲपच्या गटात येतो आणि दुसऱ्या दिवशी ‘हजर व्हा’ असा दूरध्वनी येतो. पदभार म्हणून दिले जाते ते दप्तर, जडसंग्रह नोंदवही आणि शालेय पोषण आहाराचा साठा. मुलांचा पदभार कोणी कोणाकडे देत नाही.

शिक्षण हक्क कायद्याने या बाबतीत काही गोष्टी आधीच सांगून ठेवल्या आहेत. २००९ च्या या कायद्याच्या कलम २५ नुसार शाळेत नेमलेल्या शिक्षकाला दुसऱ्या शाळेत किंवा कार्यालयात कामासाठी लावता येत नाही. जनगणना, आपत्ती निवारण आणि निवडणूक हे कलम २७ मधील अपवाद सोडून. कलम २६ नुसार मंजूर पदांपैकी १० टक्क्यांहून अधिक पदे रिक्त राहता कामा नयेत. पहिली ते पाचवीच्या शाळेत ६० मुलांपर्यंत दोन शिक्षक हवेत, असे अनुसूचीत लिहिले आहे. असे असताना तोंडी आदेशाने ‘कामगिरीवर’, म्हणजे तात्पुरते दुसरीकडे, पाठवलेले शिक्षक आणि एका शिक्षकाच्या भरवशावर चालणाऱ्या दोनशिक्षकी शाळा जिल्ह्याजिल्ह्यांत का दिसतात, हा प्रश्न प्रत्येक केंद्रप्रमुखाला पडतो. बदलीने एक जागा रिकामी होते आणि तिच्यावर माणूस येईपर्यंत शेजारच्या शाळेतला शिक्षक कामगिरीवर जातो, म्हणजे एका आदेशाने दोन शाळा उघड्या पडतात. समानीकरणाच्या नावाने रिक्त जागा सर्व तालुक्यांत सारख्या वाटल्या जातात. त्यामागचा हेतू मी समजू शकतो, पण रिक्त पद सारखे वाटल्याने भरले जात नाही.

त्याच कायद्याच्या कलम २४ च्या तिसऱ्या उपकलमाकडे मी आपले विशेष लक्ष वेधतो. शिक्षकाच्या तक्रारी असतील तर त्यांचे निवारण विहित केलेल्या रीतीने केले जाईल, असे ते म्हणते. बदल्यांच्या बाबतीत या उपकलमाला खरे बळ देणारा, मुदत आणि अधिकार दोन्ही स्पष्ट करणारा नियम करावा, ही या पत्राची मुख्य मागणी आहे. आज शिक्षक मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांकडे निवेदन देऊ शकतो, पण आदेश काढणारे आणि त्याविरुद्धचे म्हणणे ऐकणारे एकाच कार्यालयातले असतात आणि निवेदनाला ठरलेल्या मुदतीत उत्तर येईलच असे नसते. माझ्या मते प्रत्येक जिल्ह्यात बदल्यांच्या हंगामापुरते एक तक्रार निवारण पीठ असावे. त्यात एक निवृत्त न्यायिक अधिकारी, जिल्हा परिषदेबाहेरचा एक वरिष्ठ प्रशासकीय अधिकारी आणि प्राथमिक शिक्षणाचा प्रत्यक्ष अनुभव असलेली एक व्यक्ती असावी. संवर्गाच्या याद्या लागल्यावर ठराविक दिवसांत हरकत, त्यानंतर सुनावणी, आणि सुनावणी झाल्यावर आठवड्याच्या आत लेखी निर्णय. ज्या शिक्षकाच्या हितावर निर्णयाचा परिणाम होईल त्या समोरच्या शिक्षकालाही नोटीस जावी, कारण त्याला न ऐकता दिलेला दिलासा म्हणजे पुढच्या वादाची सुरुवात. निर्णयात पुरावा कोणता पाहिला, नियम कोणता लावला आणि तो का लावला, एवढी तीन वाक्ये असली तरी पुष्कळ आहे. हरकत प्रलंबित असेपर्यंत संबंधितांना कार्यमुक्त करू नये. मात्र पीठाला दिलेली मुदत संपली की ही सवलतही संपावी, म्हणजे कोणी तक्रारीचा उपयोग जागा अडवून ठेवण्यासाठी करणार नाही.

यावर आक्षेप येतील, त्यांचा विचार मी केला आहे. बदल्या आधीच लांबतात, त्यात ही आणखी एक पायरी कशाला, असे विचारले जाईल. बदल्या लांबतात त्या हरकती ऐकल्यामुळे नव्हे. याद्या पुन्हा पुन्हा दुरुस्त कराव्या लागतात, फेऱ्या पुढे ढकलाव्या लागतात आणि न्यायालयाचा आदेश आला की मधूनच थांबावे लागते, म्हणून लांबतात. रिक्त पदांची माहिती, सेवाज्येष्ठता आणि दाखल्यांची पडताळणी ही कामे परीक्षांच्या काळात संपवली आणि हरकतींची सुनावणी उन्हाळ्याच्या सुट्टीत ठेवली, तर जूनमध्ये शाळा उघडताना प्रत्येक शिक्षक आपल्या जागी असेल. सत्र सुरू झाल्यावर कोणालाही हलवू नये, असा स्पष्ट नियम असावा. दुसरा आक्षेप असा की पीठाच्या निर्णयाविरुद्धही लोक न्यायालयात जातीलच. काही जातील. परंतु तेव्हा न्यायालयासमोर कारणे नोंदलेला निर्णय असेल, पुरावा तपासलेला असेल, आणि वाद तथ्यांचा न राहता कायद्याच्या प्रश्नापुरता उरेल. खर्चाचा प्रश्न तर मी मांडूही इच्छित नाही. प्रत्येक याचिकेत शासनाने आणि जिल्हा परिषदेने वकील द्यायचे, शपथपत्रे तयार करायची, कर्मचाऱ्याला कागद घेऊन न्यायालयात पाठवायचे, याचा खर्च कोणीतरी एकदा मोजावा.

एक गोष्ट शासनाला आजही नव्या नियमाशिवाय करता येण्यासारखी आहे. एका शिक्षकाच्या याचिकेवर उच्च न्यायालयाने धोरणाच्या एखाद्या कलमाचा अर्थ लावला, तर त्याच परिस्थितीतील इतरांनाही तो अर्थ लागू करणारे परिपत्रक काढावे. सारख्या स्थितीतील कर्मचाऱ्यांना सारखी वागणूक द्यावी, प्रत्येकाने स्वतंत्रपणे न्यायालयात येण्याची वाट पाहू नये, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये उत्तर प्रदेशच्या प्रकरणात मांडले आहे. वर्षानुवर्षे स्वस्थ बसलेल्यांना त्यातून वगळलेही आहे. आज मात्र याचिकाकर्त्यापुरता आदेश पाळला जातो आणि त्याच शाळेतल्या, त्याच संवर्गातल्या दुसऱ्या शिक्षकाला ‘तुम्ही तुमचा आदेश आणा’ असे सांगितले जाते. एका प्रश्नावर शेकडो याचिका उभ्या राहतात त्या यामुळेच.

पती-पत्नींच्या बाबतीतही एक विनंती आहे. २०२२ मध्ये केंद्रीय अप्रत्यक्ष कर खात्यातील एका आयुक्तालयातून दुसऱ्या आयुक्तालयात होणाऱ्या बदल्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने धोरण ठरवण्याचा शासनाचा अधिकार मान्य केला, पण त्याच वेळी धोरण ठरवताना कौटुंबिक जीवनाचे रक्षण हा विचार डोळ्यांसमोर ठेवावा, दिव्यांगांच्या आणि पती-पत्नींच्या तरतुदींचा फेरविचार करावा, असेही सांगितले. आंतरजिल्हा बदलीत सेवाज्येष्ठता सोडून शेवटच्या क्रमांकावर जायला तयार होणारे शिक्षक केवळ मुलांसोबत एका घरात राहता यावे म्हणून तसे करतात. बिंदुनामावलीत (आरक्षणानुसार पदांच्या तक्त्यात) जागा नाही, ना हरकत मिळत नाही, असे त्यांना वर्षामागून वर्ष ऐकवले जाते. जिल्ह्याने कोणत्या प्रवर्गात किती जागा कशामुळे अडलेल्या आहेत, हे दरवर्षी जाहीर केले तर निदान वाट पाहण्याला काही आधार राहील.

माझ्या शिक्षक बंधुभगिनींनाही या निमित्ताने दोन शब्द सांगावेसे वाटतात, कारण हे पत्र त्यांच्याही वाचनात येईल. स्थगिती मिळालेली नसताना नव्या शाळेत हजर न होणे आणि याचिका दाखल केली आहे म्हणून घरी थांबणे, यात वेतन अडकते, सेवा खंडित होण्याचा धोका निर्माण होतो आणि शिस्तभंगाची कारवाई ओढवते. हजर व्हा, आपला हक्क राखून ठेवत असल्याचे लेखी द्या आणि मग दाद मागा. संघटनांनीही आपल्या सभासदाची बाजू मांडताना खोट्या दाखल्याला पाठीशी घालू नये. आपण तपासणीच्या बाजूने ठाम उभे राहिलो, तरच सुनावणीची आपली मागणी वजनदार ठरेल.

अखेरीस आपल्या दोन्ही विभागांना विनंती अशी की कलम २४ (३) खालील नियमाचा मसुदा पुढील बदली वेळापत्रकाच्या आधी प्रसिद्ध करावा, त्यावर शिक्षक, शाळा व्यवस्थापन समित्या आणि पालक यांच्याकडून हरकती व सूचना मागवाव्यात, आणि मुदत, पीठाची रचना व कारणांसह लेखी निर्णय या तीन बाबी त्यात कोणत्याही परिस्थितीत ठेवाव्यात. मसुद्याच्या कामी जिल्ह्यातील प्रत्यक्ष उदाहरणे, नमुना आदेश किंवा पडताळणीचा तक्ता हवा असल्यास, माझ्यासारखे अनेक निवृत्त केंद्रप्रमुख आणि विस्तार अधिकारी ते काम विनामोबदला करून देतील.

आपला विश्वासू,
एक निवृत्त केंद्रप्रमुख,
सोलापूर.